कॅसिनीची कच्ची छायाचित्रे घरच्या संगणकावर कशी हाताळावीत: नवशिक्यांसाठी मार्गदर्शन

शनीभोवती फिरणारे कॅसिनी यान १५ सप्टेंबर २०१७ रोजी शनीच्या वातावरणात शिरून नष्ट झाले. त्यापूर्वी त्याने पाठवलेली साडेचार लाखांहून अधिक छायाचित्रे मात्र आजही कोणालाही विनामूल्य उपलब्ध आहेत. वर्तमानपत्रांत आणि दिनदर्शिकांवर दिसणारी रंगीत चित्रे त्यांतल्या अगदी थोड्या फाइलींपासून तयार केलेली आहेत. बाकीचा साठा कृष्णधवल, ठिपक्यांनी भरलेल्या, कच्च्या स्वरूपात पडून आहे. ठाणे, ऐरोली, नेरूळ या भागांतील काही विद्यार्थी आणि निवृत्त मंडळी अधूनमधून माझ्याकडे या कामाची चौकशी करतात. त्यांच्या बहुतेक अडचणी त्याच त्याच असतात, म्हणून सर्व टप्पे येथे एकत्र मांडले आहेत.

आपल्या भागातील आकाशाविषयी वेगळे सांगायला नको. घोडबंदर रस्त्यावरच्या उंच इमारतींमधून दिसते ते आकाश दिव्यांच्या उजेडाने पांढुरके झालेले असते, जून ते सप्टेंबर ढग हटत नाहीत, आणि दमट हवेमुळे दुर्बिणीच्या भिंगांवर बुरशी चढते ती वेगळीच. वांगणीला जाऊन रात्रभर निरीक्षण करण्याचा आनंद मोठा आहे, पण तो वर्षातील मोजक्याच रात्री मिळतो. यानांची छायाचित्रे हाताळण्याचे काम ऐन पावसाळ्यात, खिडक्या लावून करता येते.

सुरुवातीला जवळ काय असावे

- साधा लॅपटॉप किंवा संगणक. कॅसिनीच्या फाइली लहान असल्याने पाच-सहा वर्षे जुना चालतो.
- इंटरनेट. कॅसिनीचे एक कच्चे पूर्ण छायाचित्र साधारण एक एमबीचे असते, त्यामुळे मोबाइलच्या हॉटस्पॉटवरही काम भागते. चांद्रयान-२ च्या फाइलींसाठी मात्र घरची जोडणीच हवी.
- 'इमेजजे' किंवा तिचीच विस्तारित आवृत्ती 'फिजी'. कच्च्या फाइली उघडण्याची विनामूल्य संगणक-प्रणाली.
- 'गिंप'. रंग जुळवण्यासाठी. हीदेखील विनामूल्य आहे.
- ईमेल पत्ता. फक्त इस्रोच्या संकेतस्थळासाठी लागतो; कॅसिनीसाठी नोंदणीच नाही.
- एक वही. ती का, हे तिसऱ्या टप्प्यात येईल.

विकतचे सॉफ्टवेअर, ग्राफिक्स कार्ड किंवा एखादा शुल्क भरून करायचा ऑनलाइन वर्ग यांपैकी कशाचीही या कामासाठी गरज नाही.

१. पहिले लक्ष्य: टायटन

नवा माणूस हमखास शनीची कडी निवडतो आणि पहिल्याच प्रयत्नात कंटाळतो. शनी स्वतःभोवती साडेदहा तासांत फिरतो, त्याचे लहान चंद्र दोन छायाचित्रांच्या मधल्या वेळातही सरकलेले असतात, आणि कड्यांच्या बारीक रेषा एकमेकींवर बसवताना एका पिक्सेलची चूकही रंगीत झालर होऊन दिसते. ज्युनो यानाच्या कॅमेऱ्याचे आकर्षणही पहिल्या महिन्यात टाळावे. ते यान मिनिटाला दोन फेऱ्या घेत फिरते आणि त्याचा कॅमेरा गुरूचे चित्र पट्ट्यापट्ट्यांनी टिपतो. त्या पट्ट्या जोडण्यासाठी यानाची गती आणि ग्रहाचा आकार, दोन्हींचे गणित करावे लागते.

शनीच्या टायटन या चंद्रापासून सुरुवात करावी असे माझे ठाम मत आहे. तो एक स्वच्छ गोल आहे, स्वतःभोवती फिरायला जवळजवळ सोळा दिवस घेतो, आणि त्याचा रंग नारिंगी आहे हे आपल्याला आधीपासून माहीत असते. आपले चित्र हिरवट किंवा जांभळट आले, तर कुठेतरी गडबड झाली आहे हे दुसऱ्या कोणी सांगावे लागत नाही.

२. 'ओपस'वर शोध घ्या

नासाच्या ग्रहीय माहिती संग्रहाचा एक विभाग कडी आणि चंद्र यांना वाहिलेला आहे. त्याच्या शोधसाधनाचे नाव 'ओपस'. व्हॉयेजर, गॅलिलिओ, कॅसिनी, न्यू होरायझन्स अशा अनेक मोहिमांची छायाचित्रे तेथे एकाच ठिकाणी शोधता येतात.

उपकरणाच्या रकान्यात कॅसिनीचा आयएसएस (इमेजिंग सायन्स सबसिस्टिम) कॅमेरा निवडावा आणि लक्ष्याच्या रकान्यात टायटन. एवढ्यावर हजारो निकाल येतील. म्हणून निरीक्षणाच्या वेळेची मर्यादा घालून एखादाच दिवस निवडावा आणि त्या दिवसाची छायाचित्रे वेळेच्या क्रमाने लावावीत. आपल्याला हवे आहे ते त्रिकूट: लाल, हिरवा आणि निळा या तीन फिल्टरांतून, एकापाठोपाठ एक, काही मिनिटांच्या आत घेतलेली तीन छायाचित्रे. कॅसिनीच्या कॅमेऱ्यात रंगीत फिल्म किंवा मोबाइलसारखा रंगीत सेन्सर नव्हता. संवेदक कृष्णधवल होता, आणि त्याच्यापुढे दोन फिरत्या चकत्यांवर बसवलेले फिल्टर येत असत.

फाइलीच्या नावावरूनही बरेच कळते. 'एन'ने सुरू होणारे नाव अरुंद क्षेत्राच्या कॅमेऱ्याचे, 'डब्ल्यू'ने सुरू होणारे विस्तृत क्षेत्राच्या कॅमेऱ्याचे. पुढचे दहा अंक म्हणजे यानावरील घड्याळाचे सेकंद. दोन नावांतील आकड्यांची वजाबाकी केली की दोन छायाचित्रांमधले अंतर सेकंदांत मिळते. लेबल, म्हणजे छायाचित्रासोबतची माहितीची फाइल, उघडण्याचीही गरज नाही.

तारखेच्या बाबतीत सावध राहावे. लेबलातील सर्व वेळा जागतिक प्रमाणवेळेत असतात. भारतीय वेळेसाठी साडेपाच तास मिळवावे लागतात. १९ जुलै २०१३ रोजी कॅसिनीने कड्यांच्या पलीकडे दिसणाऱ्या पृथ्वीचे प्रसिद्ध छायाचित्र घेतले, तेव्हा ठाण्यात २० जुलै उजाडण्याच्या आधीची रात्र चालू होती. जुन्या मराठी कात्रणातली तारीख घेऊन शोध घेणाऱ्याने नेहमी आधीचा आणि नंतरचा दिवसही तपासावा.

निवडलेली छायाचित्रे 'कार्ट'मध्ये टाकावीत आणि उतरवून घेताना कच्ची फाइल, तिचे लेबल आणि पूर्ण आकाराची झलक, असे तिन्ही प्रकार मागावेत.

३. चित्राआधी लेबल वाचा

सगळ्यांत जास्त घाई येथेच होते, म्हणून या टप्प्यावर थोडे रेंगाळतो. लेबल ही साध्या मजकुराची फाइल असते आणि नोटपॅडमध्ये उघडते. मजकूर इंग्रजी मोठ्या लिपीत आणि रुक्ष असतो, पण पुढच्या प्रत्येक टप्प्याचे उत्तर त्यातच असते. खालील गोष्टी वहीत उतरवून घ्याव्यात.

पहिली, फिल्टरचे नाव. दोन चकत्या असल्यामुळे नावे जोडीने येतात. 'आरईडी' आणि 'सीएल२' अशी जोडी असेल, तर पहिल्या चकतीवर लाल आणि दुसरीवर पारदर्शक फिल्टर होता. 'सीएल१' आणि 'जीआरएन' म्हणजे हिरवे चित्र. 'बीएल१' आणि 'सीएल२' म्हणजे निळे. 'एमटी' किंवा 'सीबी' ही अक्षरे दिसली तर ते छायाचित्र मिथेनच्या शोषणपट्ट्याचे किंवा त्याच्या शेजारच्या पट्ट्याचे आहे. तीन रंगांच्या चित्रात ते घालू नये.

दुसरी, उघडझापीचा काळ (एक्स्पोजर), जो मिलिसेकंदांत दिलेला असतो. शनीपाशी सूर्यप्रकाश पृथ्वीच्या तुलनेत साधारण नव्वदावा हिस्सा असतो, आणि निळ्या फिल्टरमधून टायटन काळपट दिसतो. त्यामुळे तिन्ही छायाचित्रांचा काळ सहसा सारखा नसतो.

तिसरी, ओळी आणि स्तंभ. पूर्ण छायाचित्र १०२४ गुणिले १०२४ पिक्सेलचे असते, पण माहितीचा भार कमी करण्यासाठी यानावरच शेजारचे पिक्सेल एकत्र केले जात, आणि मग ५१२ किंवा २५६ चा आकार मिळतो. त्रिकुटातले एखादेच छायाचित्र लहान असेल तर घाबरू नये. ते मोठे करून घेता येते.

चौथी, माहितीचे रूपांतर. कॅमेरा बारा बिटांत मोजत असे, पण पुष्कळदा ते आकडे एका तक्त्याच्या आधारे आठ बिटांत बसवून पाठवले जात. लेबलात 'टेबल' असा शब्द असेल, तर फाइलीतील आकडा आणि प्रत्यक्ष प्रकाश यांचे प्रमाण सरळ राहिलेले नाही, असे समजावे. अशा आकड्यांना उघडझापीच्या काळाने भागून रंग जुळवण्याचा खटाटोप करणारे बरेच भेटतात. तो हिशेब जुळत नाही.

पाचवी, एका नोंदीतील (फाइलीच्या ठरावीक लांबीच्या एका तुकड्यातील) बाइटांची संख्या आणि नोंदींची एकूण संख्या. या दोन आकड्यांचा गुणाकार फाइलीच्या आकाराशी तंतोतंत जुळला पाहिजे. पावसाळ्यात वीज गेली, राउटर बंद पडला आणि फाइल अर्धवट उतरली, तर तिचे नाव आणि चिन्ह पूर्ण फाइलीसारखेच दिसते. हा गुणाकार केला की लगेच उघडे पडते.

४. कच्ची फाइल 'इमेजजे'मध्ये उघडा

फाइलीवर दोनदा क्लिक करून ती उघडणार नाही. 'फाइल' मेनूतील 'इम्पोर्ट' आणि त्याखालील 'रॉ' निवडावे. समोर येणाऱ्या चौकटीत रुंदी, उंची आणि सुरुवातीचे किती बाइट सोडायचे, हे आपण सांगायचे असते.

येथे एक खाचखळगा आहे. कॅसिनीच्या आठ बिटांच्या पूर्ण छायाचित्रात एका ओळीत १०२४ पिक्सेल असतात, पण लेबलात एका नोंदीचे बाइट १०४८ दिलेले असतात. हे जादा २४ बाइट म्हणजे प्रत्येक ओळीच्या आधी जोडलेली यंत्रणेची माहिती. रुंदी १०२४ दिली तर प्रत्येक ओळ आधीच्या ओळीपेक्षा २४ पिक्सेल सरकते आणि टायटन तिरका ओढल्यासारखा पट्ट्यापट्ट्यांचा दिसतो. म्हणून रुंदी १०४८ द्यावी, चित्र उघडल्यावर डावीकडचे २४ स्तंभ कापून टाकावेत.

किती बाइट सोडायचे याचा हिशेब सोपा आहे. छायाचित्र कितव्या नोंदीपासून सुरू होते ते लेबल सांगते. त्यातून एक वजा करून १०४८ ने गुणावे. समजा चित्र पाचव्या नोंदीपासून सुरू होत असेल, तर चार गुणिले १०४८ म्हणजे ४१९२ बाइट सोडावे लागतील. आकडा मात्र आपल्या फाइलीच्या लेबलातूनच घ्यावा.

चित्र उघडल्यावर गोल अर्धवट उजळलेला, बाजूला काळे आकाश, त्यात विखुरलेले पांढरे ठिपके असे दिसले, म्हणजे काम जमले. तिन्ही चित्रे पीएनजी स्वरूपात जतन करावीत आणि नावात फिल्टर लिहावा. 'टायटन-नवीन-अंतिम-२' अशा नावांची फाइल आठवड्याने कोणालाच ओळखू येत नाही.

५. तीन चित्रे एकावर एक बसवा

'गिंप'मध्ये तिन्ही चित्रे एकाच प्रतिमेच्या वेगवेगळ्या थरांत उघडावीत. प्रतिमा ग्रेस्केल मोडमध्ये असू द्यावी. हिरवे चित्र तळाशी ठेवून त्यावरच्या लाल चित्राचा मोड 'डिफरन्स' करावा आणि बाणाच्या कळांनी ते एकेक पिक्सेल सरकवावे. दोन चित्रे बरोबर जुळली की गोलाची कड जवळजवळ काळी होते. एका बाजूला उजळ कोर उरली तर अजून सरकवायचे बाकी आहे. लाल थर लपवून निळ्यासाठी हेच करावे.

जुळवून झाल्यावर दोन गोष्टी विसरू नयेत. सर्व थरांचा मोड पुन्हा 'नॉर्मल' करावा. आणि सरकवलेल्या प्रत्येक थरावर 'लेयर टू इमेज साइज' ही आज्ञा द्यावी, नाहीतर पुढच्या पायरीत आपली सगळी सरकासरकी वाया जाऊ शकते. मग 'कलर्स' मेनूतील 'कंपोनंट्स' आणि त्यातील 'कंपोज' निवडून लाल, हिरवा, निळा या रकान्यांत योग्य ते थर द्यावेत.

६. रंगाचा प्रश्न

पहिले रंगीत चित्र बहुधा निराश करते. कच्च्या आकड्यांत प्रत्येक फिल्टरची पारदर्शकता आणि त्या रंगाला संवेदकाचा मिळणारा प्रतिसाद वेगवेगळा असतो. संकेतस्थळावरच्या झलक-प्रतिमा वापरल्या तर अडचण आणखी वाढते, कारण बघायला सोयीची व्हावी म्हणून प्रत्येक झलकेचा उजेड स्वतंत्रपणे ताणलेला असतो. तिघींना एकत्र आणले की टायटनचा नारिंगी रंग पार उडतो.

सरावासाठी डोळ्यांनी पातळ्या जुळवायला हरकत नाही. पण पुढे जायचे असेल तर 'ओपस'वरूनच कॅलिब्रेट केलेल्या फाइली घ्याव्यात. त्यांत तक्त्याचे रूपांतर उलटवलेले असते, उघडझापीचा आणि फिल्टरचा हिशेब झालेला असतो, आणि प्रत्येक पिक्सेलमध्ये पडलेल्या प्रकाशापैकी किती परत आला याचे गुणोत्तर असते. या फाइली उघडताना 'इमेजजे'त ३२-बिट रियल हा प्रकार निवडावा. चित्राऐवजी नुसता कचरा दिसला तर 'लिटल-एंडियन'ची (बाइटांच्या क्रमाची) खूण बदलून पाहावी. तिन्ही चित्रांचा उजेड ताणताना किमान आणि कमाल मर्यादा सारख्याच ठेवाव्यात, म्हणजे रंगांचे परस्परप्रमाण टिकते.

व्हॉयेजरच्या छायाचित्रांकडे वळणाऱ्यांनी लक्षात ठेवावे की १९७७ साली निघालेल्या त्या दोन्ही यानांच्या कॅमेऱ्यांत लाल फिल्टर नव्हताच. लालच्या जागी नारिंगी वापरावा लागतो, आणि चित्राखाली तसे लिहावे लागते.

टायटनच्या बाबतीत एक प्रयोग अवश्य करावा. तीन रंगांच्या चित्रात त्याचा गोल अगदी गुळगुळीत, एकसारखा दिसतो, कारण धुक्याचा थर दृश्य प्रकाशाला आरपार जाऊ देत नाही. त्याच दिवसाचे 'सीबी३' फिल्टरचे छायाचित्र उघडावे. ९३८ नॅनोमीटरच्या आसपासचा हा अवरक्त प्रकाश धुक्यातून बराचसा पार होतो आणि पृष्ठभागावरचे गडद-फिके प्रदेश धूसरपणे दिसू लागतात. आमच्याकडे येणाऱ्यांपैकी बहुतेकांना या कामाची गोडी रंगीत चित्राने लागत नाही, या करड्या चित्राने लागते.

७. डाग आणि खऱ्या वस्तू

काळ्या आकाशात दिसणारा प्रत्येक ठिपका तारा नसतो, आणि चंद्र तर क्वचितच असतो. वैश्विक किरणांतील कण संवेदकावर आदळले की पांढरे ठिपके किंवा आखूड रेघा उमटतात. उघडझापीचा काळ जितका मोठा, तितक्या त्या जास्त. कसोटी अशी: आकाशातील एकाच ठिकाणचा ठिपका तिन्ही छायाचित्रांत असेल तर पुढे विचार करावा, एकाच चित्रात असेल तर सोडून द्यावा. पिक्सेलच्या त्याच जागी दर वेळी दिसणारा ठिपका हा संवेदकातील दोष असतो. गोल कड्यासारख्या पुसट खुणा कॅमेऱ्यातील धुळीच्या, आणि अंधाऱ्या भागातील आडव्या पट्ट्या विद्युत गोंगाटाच्या. व्हॉयेजरच्या चित्रांवरील काळ्या ठिपक्यांची जाळी तर मुद्दाम कोरलेली होती. प्रतिमेतील वाकडेपणा मोजता यावा म्हणून.

डाग पुसावेत की नाही, यावर मतभेद आहेत. मी भिंतीवर लावायच्या प्रतीत पुसतो, अभ्यासाच्या प्रतीत हात लावत नाही, आणि दोन्ही प्रती वेगळ्या ठेवतो.

८. इस्रोच्या माहितीकडे वळा

हात बसल्यावर 'प्रदान' या इस्रोच्या संकेतस्थळावर नोंदणी करावी. नाव, ईमेल, संस्था यांसारखी माहिती भरून खाते उघडले की चांद्रयान-२, मंगळयान, आदित्य-एल१ अशा मोहिमांची प्रसिद्ध झालेली माहिती उतरवता येते. वापराच्या अटी नोंदणीच्या वेळीच वाचून ठेवाव्यात, कारण प्रसिद्धीच्या वेळी श्रेय कसे द्यायचे हे त्यांवर ठरते.

चांद्रयान-२ च्या सर्वाधिक बारकाव्याच्या कॅमेऱ्याला शंभर किलोमीटर उंचीवरून पाव मीटरचा एक पिक्सेल टिपता येतो. तीन किलोमीटर रुंदीची पट्टी म्हणजे एका ओळीत सुमारे १२,००० पिक्सेल झाले. या फाइली प्रचंड असतात, म्हणून रात्री उतरायला लावाव्यात आणि जुन्या लॅपटॉपवर पूर्ण पट्टी उघडण्याचा हट्ट धरू नये. 'इमेजजे'च्या त्याच चौकटीत उंची कमी देऊन आणि सोडायचे बाइट वाढवून हवा तेवढाच तुकडा उघडता येतो.

आदित्य-एल१ ६ जानेवारी २०२४ रोजी पृथ्वीपासून सुमारे १५ लाख किलोमीटरवरच्या आपल्या कक्षेत स्थिरावले. त्यावरची 'सूट' ही अतिनील दुर्बीण पुण्याच्या आयुका संस्थेच्या पुढाकाराने तयार झाली. तिच्या प्रतिमा फिट्स या खगोलीय फाइल-स्वरूपात असतात आणि 'इमेजजे'त थेट उघडतात, हिशेब करावा लागत नाही. फिल्टर आणि काळ यांची माहिती फाइलीच्या मथळ्यातच मिळते.

९. छापताना आणि पाठवताना

स्टेशनजवळच्या छपाईच्या दुकानांत फोटो जरा उजळ करून देण्याची पद्धत आहे. लग्नाच्या फोटोंना ती शोभते. आपल्या चित्रातले काळे आकाश मात्र करडे होते आणि टायटनची अंधारी बाजू धुरकट होते. 'रंग, उजेड काहीच बदलू नका' असे आधी सांगावे आणि पूर्ण आकार छापण्यापूर्वी छोटा नमुना काढून घ्यावा.

सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर चित्र टाकायचे असेल, तर माहिती चित्राच्या खालच्या पट्टीतच लिहावी. वेगळा पाठवलेला मजकूर पहिल्याच फॉरवर्डमध्ये गळतो आणि संध्याकाळपर्यंत आपले चित्र 'नासाने आज टिपलेले' म्हणून परत येते. पट्टीत पुढील क्रमाने लिहावे: लक्ष्याचे नाव, यान आणि कॅमेरा, निरीक्षणाची तारीख आणि वेळ, जागतिक प्रमाणवेळ असल्याच्या उल्लेखासह, वापरलेले फिल्टर, तिन्ही मूळ फाइलींची नावे, मूळ माहिती देणाऱ्या संस्थेचे श्रेय, आणि शेवटी 'प्रक्रिया' या शब्दापुढे आपले नाव.